फुटामागे एक सूत

मी एक जुनी पोलादी पट्टी आहे. माझ्या अंगावर दोन फुटांच्या खुणा आहेत. पण मित्रांनो, मी दोन फुटांपेक्षा पाव इंच लांब आहे. माझा प्रत्येक आकडा थोडा खोटा आहे आणि तो जाणूनबुजून खोटा केलेला आहे. अशा पट्टीनं आपली हकिगत सांगावी का, आणि सांगितलीच तर तुम्ही ती खरी मानावी का, याचा मी पुष्कळ विचार केला. अजूनही माझी खात्री झालेली नाही. तरी सांगते.

वितळलेलं लोखंड साच्यात ओततात आणि ते थंड होताना आकसतं. फुटामागे एक सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग. म्हणून ओतकामासाठी जो लाकडी नमुना करतात, तो मुळातच तेवढा मोठा करावा लागतो. दर वेळी आकडेमोड करत बसण्यापेक्षा पट्टीच तेवढी लांब केलेली बरी. कोल्हापूरच्या उद्यमनगरात आम्हाला श्रिंकेजची पट्टी म्हणतात. आकाराम मिस्त्री नावाच्या जुन्या कारागिरानं मला घडवलं. पोलादाच्या पातीवर मेण लावून, सुईनं रेघा ओढून, त्या तेजाबानं खोदल्या. एका टोकाला बारीक अक्षरात माझी ओळख लिहिली. ती अक्षरं हाताच्या घामानं दोन-तीन वर्षांत पुसून गेली. तिकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. माझंही गेलं नाही.

आकाराम मिस्त्री थकले तेव्हा त्यांनी मला यज्ञेश्वरच्या हाती दिलं. हे साल एकसष्ट. यज्ञेश्वर हा शाळेतल्या ड्रॉइंग मास्तरांचा, त्र्यंबकरावांचा मुलगा. चन्नवीर आण्णांच्या फौंड्रीत तो लाकडी नमुने करायला लागला होता. काखेत पुस्तक, मान खाली आणि आवाज इतका बारीक, की भट्टीजवळ उभा राहून तो काय सांगतो ते निम्म्या लोकांना कळतच नसे. सगळे त्याला मास्तर म्हणत. इंजिनाचे नमुने तो चोख करी. पण त्याचा जीव मोटारींत होता. जेवणाच्या सुट्टीत स्टेशनकडे जाई आणि येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांची नाकं, पाठी, दारं कागदावर उतरवून आणी. परत आला की ती चित्रं माझ्याखाली दाबून ठेवी. त्या काळात मी फार सुखात होते. माझ्या खोट्या मापांतून खरे भाग तयार होत होते, आणि मला वाटे, आपण उपयोगाच्या आहोत.

सदुसष्ट साली आण्णांनी नवीन धंदा काढायचं ठरवलं. नुसती चासी, म्हणजे चाकं-इंजिनासकट सांगाडा, विकत घ्यायची आणि तिच्यावर प्रवासी गाडीची बॉडी आपण बांधायची. आकार कोण काढणार, असं त्यांनी विचारलं तेव्हा यज्ञेश्वरनं चित्रांचं पुडकं त्यांच्यापुढे ठेवलं. आण्णांनी ते उलटसुलट चाळून पाहिलं आणि म्हणाले, कर.

त्यानं सुरुवात कागदावर केली नाही. मला न्यायची सवय होती म्हणून मला पिशवीत टाकलं आणि तो जोतिबाला गेला. गाड्या थांबतात तिथे दिवसभर उभा राहून माणसं गाडीत चढतात कशी, ते तो पाहत होता. पुरुष उडी मारून चढत. बायका लुगडं सावरत, कुणाचा तरी हात धरत. म्हाताऱ्यांना मागून ढकलावं लागे आणि त्या लाजून इकडंतिकडं बघत. एका बाईनं त्याला हटकलंच.

"काय पावणं, सकाळधरनं बायकांचं पाय मोजतायसा व्हय?"

आजूबाजूच्या बाया खदखदून हसल्या. यज्ञेश्वरचे कान लाल झाले आणि तो तसाच परत निघाला. आण्णांच्या आई शांतव्वा दर्शनाला आल्या होत्या, त्यांनी त्याला हाक मारली. "माझा मोज की बाळ. म्हातारीच्या पायाला कोन काय म्हनतंय." त्या एका दगडावरून दुसऱ्या दगडावर चढून दाखवत राहिल्या, आणि कुठवर गुडघा दुखत नाही तेही त्यांनी सांगितलं. अकरा इंच. त्या गाडीची पायरी जमिनीपासून अकरा इंचांवर आली ती अशी. पुढे त्याचं जे नाव झालं त्यातला हा भाग अगदी खरा होता, हे मला आधीच सांगून ठेवायचं आहे. कारण यानंतर मी जे सांगणार आहे ते ऐकून तो तुम्हाला लहान वाटेल.

आराखडा त्यानं घरी, साध्या पट्टीनं काढला. त्यावरून कारखान्यात गाडीच्या आकाराचा लाकडी फर्मा केला. या फर्म्यावर पत्रा ठोकून बसवायचा असतो. पत्रा काही ओतायचा नसतो, तो आकसत नाही. पण सहा वर्षांची सवय हाताला असते. फर्मा करायला बसताना त्याचा हात माझ्याकडे आला आणि त्यानं सगळी मापं माझ्यावरून घेतली. मी ओरडायला हवं होतं. पट्ट्यांना ओरडता येत नाही, असं मी स्वतःला सांगत आले आहे.

पत्रा ठोकायला केरबा होता. आधी तो ट्रंका करायचा. मोठ्या आवाजाचा, तोंडाचा फटकळ. पण अंगठा फिरवून पत्र्याची जाडी सांगणारा. वाळूच्या पिशवीवर पत्रा ठेवून तो लाकडी हातोड्यानं असा वळवी, की पाहत राहावं. दीड महिन्यात बॉडी उभी राहिली. दारं, पायरी, टप, सगळं माझ्याच मापानं वाढलेलं, त्यामुळे एकमेकांत बरोबर बसत गेलं. चासीची भोकं जागेवरच पाडली. बाहेरून यायची होती ती एकच वस्तू, पुढची काच. ती आराखड्यातल्या आकड्यावरून मुंबईहून मागवली होती.

पाडव्याच्या आदल्या दिवशी काच आली. चौकटीत धरली तर एका बाजूला बोट जाईल एवढी फट.

आण्णांनी टेप आणून चौकट मोजली. साडेअठ्ठेचाळीस इंच. काच मोजली, अठ्ठेचाळीस. आराखड्यातही अठ्ठेचाळीसच लिहिलेलं. दुसऱ्या दिवशी गिऱ्हाईक हार घेऊन येणार होतं. सगळे केरबाकडे पाहू लागले, कारण पत्रा जास्त ठोकला की ताणतो, हे तिथल्या झाडूवाल्यालाही माहीत होतं. केरबा म्हणाला, पत्रा फर्म्यावर बरोबर बसला होता, सगळ्यांनी बघितलंय. पण आता पत्रा चासीला जोडून झाला होता. पुन्हा फर्म्यावर चढवून दाखवता येत नव्हता.

"मास्तर, फर्मा मोजा," आण्णा म्हणाले.

यज्ञेश्वरनं मला उचललं. फर्म्यावर ठेवलं. एकदा मोजलं, पुन्हा मोजलं. ज्या पट्टीनं फर्मा केला, तीच पट्टी फर्मा तपासत होती. मी अठ्ठेचाळीस दाखवले. मित्रांनो, त्या क्षणी तो खोटं बोलला नाही. त्याला जे दिसलं तेच त्यानं सांगितलं.

"केरबा, ठोकून ठोकून ताणलास की रं पत्रा," आण्णा म्हणाले. "ट्रंका करीत हुतास तेच बरं हुतं."

केरबानं आपले हातोडे एकेक करून गोणपाटात गुंडाळले. "म्या ताणला न्हाय आण्णा. आज न्हाय कळायचं तुमास्नी," एवढंच म्हणाला आणि गेला.

त्याच दिवशी दुपारी चारच्या सुमारास यज्ञेश्वर आपल्या टेबलाशी बसला होता. घरून आणलेली साधी पट्टी त्यानं कागदावर ठेवली आणि मी तिच्या शेजारी पडले होते. दोघींची एक टोकं जुळलेली होती. दुसऱ्या टोकाला मी पाव इंच पुढे आले होते. त्यानं तिकडे पाहिलं. मग त्या जागेवर अंगठा ठेवला, उचलला, पुन्हा ठेवला. अखेर दोन्ही पट्ट्या हातात घेऊन उठला आणि दारापर्यंत गेला. समोर अंगणात आण्णा उभे होते. मधे वीस पावलं असतील. तो दारातच थांबला. मग परत फिरला आणि मला खणात ठेवून खण लावून घेतला.

उद्या सांगू, असं त्यानं ठरवलं असावं. उद्या पाडवा होता.

त्या संध्याकाळी त्यानं फट झाकायला ट्रकच्या ट्यूबचं रबर कापलं. काचेभोवती चांगला जाड काळा काठ बसवला. तो ठिगळासारखा दिसू नये म्हणून तीच काळी पट्टी दोन्ही अंगांनी पुढे नेत, खाली पायरीपर्यंत आणली. सकाळी गाडी बाहेर काढली तर लोक बघतच राहिले. शांतव्वांनी गाडीला हळदकुंकू लावलं आणि म्हणाल्या, लुगड्याला काठ असतो तशी ही गाडी. काठाची गाडी. तेच नाव पडलं. एका वर्षात आण्णांकडे गाड्यांची रांग लागली आणि तीन वर्षांत सांगलीपासून निपाणीपर्यंत जो तो काळा काठ लावू लागला. ज्यांच्या काचा नीट बसत होत्या, तेही रबर लावू लागले.

आणि उद्यमनगरात आणखी एक गोष्ट पसरली. कुणाचा पत्रा ताणला, फुगला, वाकडा झाला की कामगार म्हणत, "केरबा झाला." आधी हसून म्हणत. मग तो रोजचा शब्दच झाला. "हळू ठोक, केरबा करशील." केरबाला त्या भागात कुणी काम दिलं नाही. तो उचगावला गेला आणि दुधाच्या किटल्या, धान्याच्या कणग्या करू लागला. हे यज्ञेश्वरला माहीत होतं. तो शब्द त्याच्या कानांवरही रोज पडत होता. दर वेळी त्याचा हात खणाकडे जाई आणि मधेच थांबे.

बहात्तर साली पुण्याच्या एका मोठ्या कारखान्यानं त्याला बोलावून घेतलं. जाताना त्यानं मला बरोबर घेतलं, का ते मला कळलं नाही. तिथे ओतकाम नव्हतं. तिथे तो साहेब झाला. त्यानं मालाची हलकी गाडी काढली, शाळेच्या मुलांची बस काढली, एका लहान मोटारीचं तोंड काढलं. ठेंगणी पायरी त्यानं कुठेच सोडली नाही. शिकाऊ इंजिनियर त्याचे आराखडे समोर ठेवून शिकत. एका मासिकात त्याचा फोटो आला. खाली लिहिलं होतं, की काचेभोवतीच्या काळ्या काठामुळे गाडी डोळ्यांना हलकी दिसते आणि ही कल्पना सुचायला मोठी दृष्टी लागते. तो मजकूर त्यानं एकदाच वाचला आणि मासिक माझ्याच खणात टाकलं.

एकदा त्यानं मुद्दाम बिनकाठाची गाडी काढली. वरच्या साहेबांनी आराखडा पाहून विचारलं, तुमचा काठ कुठे गेला? त्यानं मुकाट्यानं आराखड्यात काठ रेखून दिला. कौतुक झालं, की त्या दिवशी तो खण उघडी, आम्हा दोघी पट्ट्यांना शेजारी-शेजारी ठेवी आणि माझं पुढे आलेलं टोक बघत बसे. केरबाला त्यानं तीन वेळा पत्र लिहायला घेतलं. तिन्ही वेळा 'सप्रेम नमस्कार' या शब्दांपुढे ते गेलं नाही.

चौऱ्याऐंशी साली कोल्हापूरच्या बॉडी बांधणाऱ्या मालकांनी त्याचा सत्कार ठरवला. अध्यक्ष चन्नवीर आण्णा. सत्कार म्हटल्यावर तो नाही म्हणेल, असं मला वाटलं होतं. पण त्यानं होकार कळवला आणि आम्हा दोघींना शबनम पिशवीत घातलं. तेव्हाच मला कळलं, की तो कशासाठी चालला आहे.

हॉल भरलेला होता. फेटा बांधून झाला, शाल झाली, भाषणं झाली. मग तो उठला. माईकसमोरही त्याचा आवाज बारीकच. त्यानं मला वर धरलं आणि सगळं सांगितलं. सवय, फर्मा, काच, फट, रबर. केरबाचा पत्रा बरोबर होता, चूक आपल्या हातची होती आणि आपल्याला ती त्याच दिवशी चार वाजता कळली होती, हेही सांगितलं. एकही गोष्ट त्यानं लपवली नाही.

आणि मग लोकांनी टाळ्या वाजवल्या. आण्णांनी उठून त्याला मिठी मारली आणि माईकवर म्हणाले, "एवढा मोठा माणूस, पण मन बगा. हाय का कुणाची टाप अशी चूक सांगायची?" टाळ्या वाढल्या. यज्ञेश्वर हात हलवून नको-नको म्हणत होता, तर लोकांना तोही विनयच वाटला. त्याच्या हातातून मी टेबलावर पडले तो आवाज कुणाला ऐकू आला नाही. सतरा वर्षं जे पोटात ठेवलं, त्याचाही त्यांनी हारच केला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो उचगावला गेला. दारात केरबाची बायको बायडाबाई धान्य पाखडत होती. तिनं त्याला ओळखलं नाही. पावणं, मोठ्यानं बोला, त्यांस्नी ऐकू कमी येतंय, असं तिनं सांगितलं. पत्रा ठोकून ठोकून केरबाचे कान गेले होते. यज्ञेश्वर त्याच्यासमोर बसला आणि काहीतरी पुटपुटला. केरबा नुसता बघत राहिला. तेव्हा यज्ञेश्वरनं आम्हा दोघींना पिशवीतून काढलं, केरबाच्या मांडीवर शेजारी-शेजारी ठेवलं आणि एका बाजूची टोकं जुळवली.

केरबानं दुसऱ्या टोकावर अंगठा फिरवला. पुन्हा फिरवला. त्याचा अंगठा अजून तसाच होता.

"फर्मा हिच्यावरनं क्येलावता?"

यज्ञेश्वरनं मान हलवली.

"कवा कळलं तुमाला?"

त्याच दिवशी चार वाजता, हे सांगायला यज्ञेश्वरनं आधी चार बोटं दाखवली. मग ती पुरेशी नाहीत असं वाटून त्यानं बायडाबाईला सगळं सांगितलं. तिनं सूप खाली ठेवून ते नवऱ्याच्या कानात ओरडून सांगितलं. कालच्या हॉलचंही सांगितलं. केरबानं सगळं ऐकून घेतलं. रागावला असं मला दिसलं नाही. ते दिसलं असतं तर मला बरं वाटलं असतं.

"म्या ताणला न्हवता, ह्ये मला पयल्यापास्नं ठावं हाय," तो म्हणाला. "मला कशाला सांगाय आलासा? आन हॉलात पत्रा ठोकणारी मान्सं किती हुती?"

एकही नव्हता. हॉलात सगळे मालक होते.

"मालक न्हाय म्हनत 'केरबा झाला'. ठोकणारी म्हनत्यात. माझ्या जावयाम्होरं म्हनत्यात, त्यो मान खाली घालून ऐकतोय. त्यास्नी सांगा. चला."

आणि तो पायांत चपला घालून उठलासुद्धा.

मित्रांनो, त्या दिवशी मी उद्यमनगरातले एकोणीस कारखाने पाहिले. पहिल्या कारखान्यात यज्ञेश्वर दारात उभा राहून बोलू लागला, तर हातोड्यांच्या आवाजात त्याचं कुणाला काही ऐकू गेलं नाही. एकानं हात हलवून, काम न्हाय, जा, असं सांगितलं. यज्ञेश्वरनं मागे पाहिलं. केरबा बाहेरच्या दगडावर बसला होता आणि त्याची नजर आतल्या माणसांच्या तोंडांवर होती. यज्ञेश्वर पुन्हा आत गेला. आणि जन्मात पहिल्यांदा तो ओरडला. माझा पट्टीचा जीव हादरला. "काठाच्या गाडीचा पत्रा केरबानं ताणला नव्हता. फर्माच मी चुकीच्या पट्टीनं केला होता." हातोडे एकेक करून थांबले. त्यानं आम्हा दोघींना प्रत्येकाच्या हातात दिलं. प्रत्येकानं टोक पाहिलं.

काही ठिकाणी लोक हसले. एका ठिकाणी एक जण म्हणाला, केरबा म्हंजे मानूस हुता व्हय, मला वाटलं नुसता शब्दच हाय. एका ठिकाणी म्हातारा ठोकणारा निघाला. तो त्या दिवशी आण्णांच्या अंगणात हजर होता. तो बाहेर जाऊन केरबाच्या शेजारी दगडावर बसला आणि पुढच्या कारखान्यापर्यंत बरोबर आला. अकराव्या कारखान्यापर्यंत यज्ञेश्वरचा आवाज फाटला. पंधराव्यात नुसती हवाच येत होती, तेव्हा तो म्हातारा त्याच्याऐवजी ओरडू लागला आणि यज्ञेश्वर फक्त आम्हाला पुढे धरत राहिला. शेवटी आण्णांचा कारखाना आला. तिथे आण्णा स्वतः बाहेर आले. त्यांनी दगडावर बसलेल्या केरबाला पाहिलं, आणि काल मिठी मारणारे आण्णा त्याच्यापासून दोन पावलं अलीकडेच थांबले. केरबानं त्यांच्याकडून काही मागितलं नाही. त्यानं आत जाऊन रेड ऑक्साइडच्या डब्यात बोट बुडवलं, मला यज्ञेश्वरच्या हातातून घेतलं आणि माझं टोक तीन बोटं लाल केलं.

"आता कुनाचा हात चुकायचा न्हाय," तो म्हणाला, आणि मला तिथल्याच खिळ्याला अडकवलं.

मी अजून त्याच खिळ्यावर आहे. तो शब्द संपला का, ते मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. कमी झाला. परवाच एका नव्या कामगाराच्या तोंडून तो निघाला, तर शेजारच्यानं त्याला माझ्याकडे आणून उभं केलं. यज्ञेश्वरच्या गाड्या रस्त्यावर अजून धावतात. त्यांचा काठ बघून लोक वाहवा करतात. त्यांची चूक आहे असं मला म्हणवत नाही. काठ दिसायला सुंदरच आहे.

तुमच्याही हातात कधीतरी पट्टी येईल, मित्रांनो. कामात फट दिसली आणि बोट एखाद्या माणसाकडे जाऊ लागलं, तर तो माणूस दाराबाहेर पडण्याआधी आपली पट्टी दुसऱ्या पट्टीशेजारी ठेवून बघा. त्याला एक क्षण लागतो. आणि फरक दिसलाच तर ती वीस पावलं त्याच दुपारी चाला.

माझी स्वतःची एकच विनंती आहे. तेलकट हातांनी माझा लाल रंग आता फिका होत चालला आहे. टोकाशी पोलाद उघडं पडू लागलं आहे आणि लांबून पाहिलं तर मी पुन्हा साध्या पट्टीसारखी दिसते. तुमच्यापैकी कुणी या बाजूला आलात, तर दाराशीच डबा आहे. बोट बुडवा आणि मला पुन्हा रंगवा.